दप्तर निर्दोष आहे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

मुलाची पाठ वाकडी दिसली की घरात पहिला आरोप दप्तरावर होतो. जड दप्तराने पाठ दुखते हे खरे. पण कणा बाजूला वळून मणके पिळले जातात तो स्कोलिओसिस दप्तराने होत नाही, वेडेवाकडे बसण्यानेही नाही. दहापैकी सुमारे आठ रुग्णांत नेमके कारण सापडत नाही. घराण्यात असेल तर शक्यता वाढते. उरलेल्यांत जन्मतः अर्धवट घडलेला मणका, सेरेब्रल पाल्सी (मेंदूतल्या दोषाने हालचालींवर ताबा न राहणे), स्नायूंचे आजार अशी कारणे असतात.

तपासणी घरीच होते. मुलाला उघड्या पाठीने उभे करा. पावले जुळलेली, गुडघे ताठ, तळहात जोडलेले. आता कमरेतून वाकू द्या आणि मागे बसून पाठीच्या पातळीवरून पाहा. एका बाजूच्या बरगड्या उंच दिसल्या तर अस्थिरोगतज्ज्ञाकडे जा. नुसते पोक असेल तर 'ताठ बस' म्हटल्यावर जाते. हा उंचवटा जात नाही.

एक्स-रे उभ्यानेच काढावा, झोपून काढला तर बाक कमी दिसतो. 10 अंशांच्या आत असेल तर तो स्कोलिओसिस धरत नाहीत. वाढ शिल्लक असताना 25 ते 40 अंशांना धडाभोवती बांधायचा कडक पट्टा (ब्रेस) देतात. 2013 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या अभ्यासात पट्टा वापरणाऱ्या 72 टक्के मुलांचा बाक 50 अंशांच्या आत राहिला, नुसते लक्ष ठेवलेल्यांत 48 टक्के. पण पट्टा दिवसाला निदान 13 तास अंगावर हवा, आणि घोडे इथेच अडते! शाळेत लाज वाटते म्हणून तो कपाटात जातो, नाहीतर मूल उंच होते आणि पट्टा जुनाच राहतो, मग त्याचा दाब भलत्याच जागी पडतो. पट्टा बाक वाढू देत नाही, कणा सरळ करत नाही, हे पालकांना आधीच सांगायला हवे. हाडांची वाढ थांबल्यावर तो निरुपयोगी.

दोन एक्स-रेंत पाचेक अंशांचा फरक मोजणीतही पडतो; तेवढ्यावर घाबरू नये, हुरळूनही जाऊ नये. साधारण 45-50 अंशांपुढे स्क्रू व सळ्या बसवून मणके जोडण्याची शस्त्रक्रिया सुचवतात. ठरावीक व्यायाम पट्ट्याच्या जोडीला चांगले, त्याच्याऐवजी नव्हेत. 'मणका बसवून देतो' म्हणणाऱ्याकडे मात्र जाऊच नये, वाढीचे महिने तिथेच वाया जातात.

बाकाबरोबर रात्री झोपमोड करणारे दुखणे, पायांत अशक्तपणा किंवा लघवीवरचा ताबा सुटणे असेल, तर पुढच्या तपासणीची वाट न पाहता एमआरआयसाठी डॉक्टरांना गाठावे.

आपला,
एक अस्थिरोगतज्ज्ञ