चंपीचा ताप उतरला

वाई,
१८ ऑगस्ट

प्रिय सुमे,

तुझे दोन फोन आले, एकही उचलला नाही. रागावू नकोस गं. चंपीला गोचीडताप झाला होता. दोन दिवस तोंडाला काही लावलं नाही आणि तिसऱ्या दिवशी नाकातून रक्त. डॉक्टरांनी तिचा ओठ वर करून हिरड्या दाखवल्या, पांढऱ्याफटक! गोचीड चावली की जंतू रक्तात शिरतात, प्लेटलेट्स उतरतात. आता २८ दिवस डॉक्सीसायक्लिन, तेही भरल्या पोटी, नाहीतर ओकते.

आणि हे सगळं आई करतेय! जिनं आयुष्यभर कुत्र्याला उंबरा ओलांडू दिला नाही, भाकरीसुद्धा लांबूनच टाकली, ती आई. तुपात माखलेल्या चपातीच्या तुकड्यात गोळी लपवते. चंपी चपाती गिळते आणि गोळी तेवढी अलगद जमिनीवर ठेवते. परवा तशीच परसात पळाली, तर आई तुपाची वाटी घेऊन मागे! मला नामदेव महाराजांची गोष्ट आठवली. तसं म्हटलं, तर आई म्हणाली, "त्यांना कुत्र्यात विठ्ठल दिसला. मला चंपीच दिसते."

सुमे, हे वाक्य डोक्यातून जात नाही. आत्या म्हणाली होती, दादा गेला, घर रिकामं झालं, म्हणून वहिनीनं कुत्र्याला जीव लावला. तुझ्या ब्रूनोच्या वेळीही लोक म्हणायचे, मूलबाळ नाही म्हणून. बाईनं कुत्र्यावर माया केली की ती कुणाच्या तरी बदल्यातच असणार, हे कुणी ठरवलं? बाबांची जागा चंपीनं घेतलेली नाही. आई ढोल्या गणपतीला जाऊन येईपर्यंत ती गल्लीच्या तोंडाशी बसून असते. आईची अशी वाट याआधी कुणीच पाहिली नव्हती, बाबांनीही नाही.

२०१५ साली जपानी संशोधकांनी दाखवलं होतं, माणूस आणि त्याचा कुत्रा एकमेकांच्या डोळ्यांत बघत राहिले की दोघांतही ऑक्सिटोसिन वाढतं. आई-बाळाच्या मायेतलं तेच संप्रेरक. माणसानं वाढवलेल्या लांडग्यांत मात्र तसं दिसलं नाही. रात्री दोनला आई चंपीचं डोकं मांडीवर घेऊन बसलेली असते, दोघी एकमेकींकडे बघत. मी दारातूनच परत फिरते.

आज ताप १०१.५. कुत्र्यांना एवढं असतंच, पण आईला पटत नाही, सारखी कानाला हात लावून बघते. गौरींना नक्की ये. येताना गोचीड काढायचा चिमटा आण, इथं मिळाला नाही.

तुझीच,
मंजू