बर्फ, हेल्मेट आणि माणसे हवीत: कॉलेजच्या फुटबॉल संघासाठी आवाहन

सप्रेम नमस्कार.

आपल्या गावातल्या कॉलेजचा (अमेरिकन) फुटबॉल संघ ऑगस्टच्या दुसऱ्या आठवड्यात सरावाला उतरतो आहे. नोव्हेंबरच्या मध्यापर्यंत १० सामने, त्यातले ५ घरच्या मैदानावर. संघ डिव्हिजन थ्रीचा, म्हणजे कॉलेजांच्या खेळांतल्या तिसऱ्या गटाचा आहे. इथे खेळासाठी शिष्यवृत्ती नसते. वर्ग आणि लॅब सांभाळून मुले खेळतात. याच डिव्हिजनमध्ये आपल्या ओहायोतल्या अलायन्स गावच्या माउंट युनियन विद्यापीठाने १३ राष्ट्रीय विजेतेपदे मिळवली आहेत, तेव्हा खेळाचा दर्जा कमी समजण्याचे कारण नाही. कमी पडतात ती माणसे आणि सामान. दरवर्षी गणपतीला कॉलेज आपल्याला सभागृह देते. यंदा या हंगामाचा थोडा भार उचलायचे मंडळाने ठरवले आहे.

सगळ्यात आधी बर्फ. ओहायोतली ऑगस्टची दमट दुपार, डोक्यावर हेल्मेट, खांद्यावर पॅड आणि उन्हाळाभर एसीत नोकरी करून आलेली मुले. उकाड्याची सवय व्हायला शरीराला १० ते १४ दिवस लागतात. म्हणूनच पहिले दिवस फक्त हेल्मेट, मग शोल्डर पॅड आणि त्यानंतर सगळे सामान, असा क्रम नियमानेच घालून दिलेला आहे. एवढे करूनही एखाद्या मुलाचे तापमान १०४ अंश फॅरनहाइटच्या वर जाते, तो बरळू लागतो, झोकांड्या खातो. हा उष्माघात. २००१ मध्ये मिनेसोटा व्हायकिंग्ज या व्यावसायिक संघाचा कोरी स्ट्रिंगर आणि २०१८ मध्ये मेरिलँड विद्यापीठाचा जॉर्डन मॅकनेअर असेच गेले. दोघेही लाइनमन, म्हणजे पुढच्या फळीत धडक देणारे, अंगाने थोराड. मॅकनेअरला थंड पाण्यात बसवलेच गेले नव्हते. अशा वेळी आधी जागेवर गार करायचे आणि मग दवाखान्यात न्यायचे, हा क्रम उलटता कामा नये. तापमान अर्ध्या तासाच्या आत उतरले तर मुलगा वाचतो.

यासाठी शेतीच्या दुकानात मिळणाऱ्या १५० गॅलनच्या दोन टाक्या लागतात. गुरांना पाणी पाजायला आपल्याकडे गोठ्यात डोण असते ना, तशाच. टाकी अर्धी पाण्याने भरून सावलीत ठेवायची आणि बर्फ शेजारी बंद कूलरमध्ये. सकाळीच बर्फ टाकीत ओतून ठेवला तर सरावाच्या वेळी नुसते कोमट पाणी उरते. ही चूक नेहमी होते. एका टाकीला २० पौंडांच्या ५ पिशव्या, म्हणजे रोज १० आणि १४ दिवसांच्या १४०. उन्हाची लाट आली की दुकानातले फ्रीजर दुपारपर्यंत रिकामे होतात, म्हणून पिशव्या आधीच सांगून ठेवायच्या आहेत. सराव साडेतीनला सुरू होतो, बर्फ पावणेतीनला मैदानावर पोचलेला हवा. पिकअप असलेल्यांनी एक-एक दिवस वाटून घ्यावा.

टाकीजवळ रोज चार धट्टीकट्टी माणसेही हवीत. ३०० पौंडांचा मुलगा दोघांना उचलत नाही. पाण्यात बसवल्यावर त्याच्या काखांखालून चादर घालून एकाने मागून धरायचे, म्हणजे डोके पाण्याखाली जात नाही. दुसऱ्याने पाणी सतत ढवळायचे, कारण स्थिर पाण्यात अंगाभोवती कोमट थर जमतो आणि गारवा आत पोचत नाही. बर्फ वितळेल तसा नवा टाकत राहायचा. तापमान मोजणे आणि १०२ च्या आसपास आले की मुलाला बाहेर काढायला सांगणे, हे काम फक्त ॲथलेटिक ट्रेनरचे, म्हणजे खेळाडूंची दुखापत आणि तब्येत बघणाऱ्या तज्ज्ञाचे. सराव सुरू होण्याआधी ते एक तास प्रात्यक्षिक दाखवतील. त्याला न आलेल्यांना टाकीजवळ घेता येणार नाही.

दुसरी गरज हेल्मेटची. हंगाम संपला की हेल्मेट तपासणीला जातात, आणि कवच १० वर्षांचे झाले की बाद. यंदा १२ नवी हवीत. एकाला ४०० ते ५०० डॉलर पडतात, म्हणून ६,००० डॉलर धरले आहेत. मुलाचे जुने हेल्मेट घरी पडले असेल तर कृपया देऊ नका. त्याने किती टकरा खाल्ल्या हे कोणी सांगू शकत नाही. त्याऐवजी गुरुवारी संध्याकाळी दोन तास द्या. चेहऱ्यासमोरच्या जाळीचे स्क्रू घामाने गंजतात. मानेला मार लागला तर डोके न हलवता जाळी काढावी लागते, आणि तेव्हा गंजलेला स्क्रू आतल्या नटासकट नुसता गरगर फिरतो, निघत नाही. म्हणून दर आठवड्याला प्रत्येक स्क्रू फिरवून बघायचा, अडला तर बदलायचा. थंडी पडली की आतल्या हवेच्या पॅडचा दाब उतरतो आणि सप्टेंबरात घट्ट बसणारे हेल्मेट ऑक्टोबरात ढिले होते. तेही तेव्हाच बघायचे.

चेंडू १० यार्ड पुढे गेला का, हे मैदानाच्या कडेला दोन काठ्यांमध्ये ताणलेल्या साखळीने मोजतात. घरच्या पाच सामन्यांना ती धरायला चार जण लागतात: दोन काठ्यांना दोन, डाउनच्या (कितवा प्रयत्न चालू आहे त्या) खुणेला एक, साखळीवरच्या क्लिपला एक. मागच्या काठीला सर्वांत जवळची पाच यार्डांची रेषा साखळीच्या ज्या कडीखालून जाते, तिथे क्लिप अडकवायची. मोजणीसाठी साखळी आत नेली की ती क्लिपवरूनच जागेवर बसते. पंचाने खूण केल्याशिवाय काठी हलवायची नाही. आधीच हलवली आणि पेनल्टी पडून चेंडू मागे आला तर मूळ जागा सापडत नाही. खेळाडू अंगावर धावत आले तर काठी टाकून मागे सरायचे. आणि साखळी हातात असताना आपल्या संघासाठी ओरडायचे नाही, हे मात्र जमायला हवे.

जेवणाबद्दल थोडे. सामना एकला असेल तर जेवण नऊच्या सुमाराला: भात, पास्ता, मसाला न घातलेले चिकन, केळी. मिसळ आणि तळण सामन्याआधी नको, पोटात रेंगाळते. शेंगदाण्याचे कूट, चिक्की, लाडू तर मुळीच नकोत. शेंगदाण्याची ॲलर्जी जिवावर बेतू शकते, आणि आपल्या स्वयंपाकात कूट कुठे पडले ते आपल्यालाही आठवत नाही. म्हणून घरून डबे आणू नका. कॉलेजच्या स्वयंपाकघरात मिळून करू. प्रत्येक बेत कॉलेजच्या कंप्लायन्स ऑफिसकडून (खेळाचे नियम पाळले जातात का ते बघणाऱ्या कार्यालयाकडून) आधी मंजूर करून घेतला जाईल.

पैशांच्या बाबतीत एक नियम कटाक्षाने पाळा. कोणत्याही खेळाडूला रोख रक्कम, गिफ्ट कार्ड किंवा वस्तू देऊ नका, त्याच्या नावाने देणगीही देऊ नका. कॉलेजांच्या खेळांचे नियम करणाऱ्या एनसीएए या संघटनेच्या नियमांत तो गैरलाभ ठरतो आणि मुलाची खेळण्याची पात्रता जाऊ शकते. चेक कॉलेजच्या नावे काढावा, मेमोत फुटबॉल लिहावे. २५० डॉलर किंवा अधिक दिलेत तर करासाठी कॉलेजची लेखी पोच जपून ठेवा. कंपनी मॅचिंग (तुमच्या देणगीला जोड म्हणून स्वतःची रक्कम) देत असेल तर आधी विचारून घ्या. खेळासाठीच्या देणगीला काही कंपन्या ते देत नाहीत. तसे असेल तर ती देणगी कॉलेजच्या सर्वसाधारण निधीला द्या आणि संघासाठी एखादा गुरुवार किंवा बर्फाचा एक दिवस घ्या.

बर्फ, टाकी, गुरुवार, साखळी, स्वयंपाक, देणगी यांपैकी काय जमेल आणि कोणत्या दिवशी, ते ३१ जुलैपर्यंत कार्यकारिणीला कळवा. बर्फाच्या १४ दिवसांची नावे आधी भरायची आहेत.

आपली,
मंडळाची कार्यकारिणी