नागपुरातली घाई

नागपूर, १० मे

प्रिय शिरीष,
सप्रेम नमस्कार.

तुमच्या मुंबईच्या धावपळीपुढे नागपूरकरांची घाई म्हणजे नुसते नखरे, असे तू लिहिले आहेस. ते मला मान्य नाही. तुमची लोकल सुटली की सुटली, म्हणून माणूस तिच्या वेळेला स्वतःला बांधून घेतो. आमच्याकडे अशी बांधून घालणारी गाडीच नव्हती. होती ती स्वतःची दुचाकी, आणि कुठूनही कुठे पंधरा मिनिटांत पोचता येते ही महाल, बर्डी (म्हणजे सीताबर्डी) आणि धरमपेठ एवढ्याच नागपुराच्या काळातली समजूत. शहर मिहान आणि पारडीपर्यंत पसरले, तरी समजूत कायम राहिली. साडेदहाच्या कार्यालयासाठी सव्वादहाला घर सोडणारा माणूस निघतानाच उशिरा निघालेला असतो, आणि तो राग वर्धा रोडवर हॉर्नमधून इतरांवर काढतो.

त्यात डिसेंबरात हिवाळी अधिवेशन भरले की मोर्च्यांमुळे बर्डीकडचे रस्ते वळवले जातात. मे महिन्यात पारा ४५ अंशांच्या आसपास गेला की लाल दिव्यापाशी उभे राहणेच शिक्षा होते, म्हणून ऐन दुपारी अनेक चौकांतले सिग्नल बंद ठेवतात. तेव्हा डोक्याला दुपट्टा गुंडाळलेला माणूस घड्याळापेक्षा उन्हापासूनच जास्त पळत असतो.

उशिरा येणाऱ्या माझ्या एका सहकाऱ्याचा युक्तिवाद ऐक. प्रमाणवेळ मिर्झापूरजवळच्या ८२.५ अंश रेखांशाची आणि आपण ७९ अंशांवर, म्हणजे नागपूरचा सूर्य घड्याळाच्या सुमारे १४ मिनिटे मागे. तेवढी सूट मिळालीच पाहिजे! या न्यायाने तुम्हा मुंबईकरांना ३८ मिनिटे द्यावी लागतील, हे त्याच्या लक्षात आले नसावे.

मेट्रोने मात्र माझी सवय बदलली. मार्च २०१९ मध्ये खापरी ते बर्डी, पुढच्या जानेवारीत लोकमान्यनगर आणि डिसेंबर २०२२ मध्ये कामठी रोड व प्रजापतीनगर अशा चारही बाजू सुरू झाल्या. ताईकडे पारडीला जाताना मी बर्डीला गाडी बदलतो. वेळ दुचाकीपेक्षा कमी लागतो असे नाही, पण किती लागेल ते निघण्याआधीच ठाऊक असते. परिणामी सगळी घाई आता घरातच उरकते, आणि त्याचा वैताग तुझ्या वहिनीला सोसावा लागतो.

विदर्भ एक्स्प्रेसने आलास तर रिक्षा करू नकोस. रेल्वे स्थानकाजवळूनच मेट्रो घे, बर्डीला खापरीची गाडी पकड आणि उज्ज्वलनगरला उतर. मी तिथे असेन. काकूंना माझा नमस्कार सांग.

तुझा,
विलास