आई-बाबा, या जिरायाबद्दल लिहायचंच होतं

आई, बाबा,

फोनवर जेवलीस का, थंडी किती आहे यातच वेळ जातो म्हणून आज लिहायलाच बसले. बाबा, पोगोवर ताकेशीज कॅसल लागलं की तुमचा चहा गार व्हायचा आणि आई ओरडायची, आठवतंय ना? तसंच खळखळून हसवणारं काहीतरी मला इथे जपानमध्ये सापडलंय. ऑफिसातल्या मैत्रिणीने काकुरेंजर दाखवलं, १९९४ ची टीव्ही सिरीयल, पाच निन्जा आणि त्यांची योकाईंशी म्हणजे इथल्या भुताखेतांशी मारामारी, आणि एरवी हेच पाचजण मांजराच्या तोंडाच्या गाडीतून क्रेप विकत गावोगाव फिरतात! सगळ्यांची लीडर पंधरा वर्षांची मुलगी, आई तुला ती नक्की आवडेल.

पण माझा जीव जडलाय काळ्या निन्जावर, जिरायावर. ते काम करणारा नट केन कोसुगी, जन्म लॉस एंजेलिसचा. त्याचे वडील शो कोसुगी जपान सोडून अमेरिकेत गेले आणि ८० च्या दशकात तिथल्या निन्जा सिनेमांचे हिरो झाले, १९८३ च्या रिव्हेंज ऑफ द निन्जा मध्ये छोटा केन त्यांचाच मुलगा झालाय. आणि पुढे हा पोरगा उलटा वडिलांच्या देशात आला कामाला. जपानी कच्चं, मग जिराया अमेरिकेत वाढलेलाच दाखवला आणि इंग्लिश बोलू दिलं. बाकीचे जपानीत विचारतात, हा इंग्लिशमध्ये उत्तर देतो, आणि कुणाचं काही अडत नाही. बाबा, पहिल्या वर्षी मी मीटिंगमध्ये मान खाली घालून बसायचे, एक वाक्य मनात जुळवेपर्यंत विषय पुढे गेलेला असायचा, तुम्हाला तेव्हा सांगितलं नव्हतं. म्हणून तो सीन मी परत परत लावला, रडलेही. मास्क चढायच्या आधीच्या मारामारीत त्याचा चेहरा दिसतो, लाथ फिरते तेव्हा कळतं की हे पाय लहानपणापासून कुणीतरी घासून तयार केलेत.

आणि ते कुणीतरी पण येतात! केनचे वडील शो कोसुगी स्वतः जिरायाचे गुरू म्हणून येतात, ज्यांनी त्याला वाढवलं तेच त्याच्या बापाचे मारेकरी निघतात, आणि खरे बाप-लेक एकमेकांसमोर उभे राहतात. कॉमेडी बिमेडी सगळी विसरायला होते हो.

नंतर केन २००२ च्या मसल हीट सिनेमामध्ये हिरो झाला, २००४ च्या गॉडझिला फायनल वॉर्स मध्येही आहे, फाइट एकदम कडक, पण तो क्रेपच्या गाडीतला हसरा पोरगा मला तिथे फारसा दिसला नाही, त्याचं वाईट वाटतं.

एप्रिलमध्ये याल तेव्हा बाप-लेकाच्या भागापासूनच सुरू करू. जपानी मी सांगेन, जिरायाचं इंग्लिश बाबा तुम्ही आईला सांगा. आणि गुडघ्याचा पट्टा बॅगेत आठवणीने टाका, इथे जिने फार आहेत.

तुमची,
मनू