नुसता आयपी पाठवून भागत नाही, पक्या

नाशिक,
रविवार सकाळ

प्रिय पक्या,

स. न. वि. वि.

‘हा माझा आयपी, पोरीला माइनक्राफ्टला जॉइन व्हायला सांग’ असं लिहून तू १९२.१६८.१७८.२४ पाठवलास. ईरा टॅब घेऊन मागे उभी होती, म्हणून हसू दाबलं. आयपी म्हणजे कॉम्प्युटरचा नेटवर्कवरचा पत्ता खरा, पण या आकड्यावरून तुझं घर काही सापडायचं नाही. घरात फ्रिट्झबॉक्सचा राउटर आहे एवढं मात्र कळलं. १७८ चा पट्टा ही त्याची खूण आहे. तुमच्या जर्मनीत तो घरोघरी असतो म्हणे, म्हणजे या घडीला हाच आयपी असलेले लॅपटॉप नुसत्या श्टुटगार्टमध्ये ढिगाने निघतील. आपल्याकडे प्रत्येक सोसायटीत २०४ नंबरचा फ्लॅट असतो, तसं.

कमांड प्रॉम्प्ट उघडून आयपीकॉन्फिग मारलं की ‘आयपीव्ही४ ॲड्रेस’ म्हणून दिसतो तो हा घरातला पत्ता. १०, १७२.१६ ते १७२.३१ आणि १९२.१६८ ने सुरू होणारे हे तीन पट्टे १९९६ सालापासून खासगी वापरासाठी राखून ठेवलेत. बाहेरच्या इंटरनेटवर त्यांना कोणी विचारत नाही. तुझा आरुष शेजारच्या खोलीतून जॉइन होणार असेल तर हाच आकडा लागतो, नाशिकहून त्याचा उपयोग शून्य.

आपली सवय हॉस्टेलची, तिथेच सगळा घोळ आहे. तुझ्या आणि माझ्या खोलीच्या मधून खिडकीबाहेरून नेलेली वायर आठवते? क्रॉसओव्हर, म्हणजे दोन कॉम्प्युटर थेट जोडणारी, करायची म्हणून एका टोकाला नारिंगी आणि हिरव्या जोडीची अदलाबदल करायची, क्रिम्पर दुसऱ्या मजल्यावरून मागून आणायचा. मग तुला १९२.१६८.०.१, मला १९२.१६८.०.२, खाली सबनेट मास्क २५५.२५५.२५५.०, की झालं. काउंटर स्ट्राइकमध्ये लॅनचा, म्हणजे जागच्या जागच्या नेटवर्कचा, टॅब उघडला की सर्व्हर आपोआप समोर, कारण गेम त्या वायरीवर ओरडून विचारतो ‘आहे का कोणी?’ आणि सर्व्हर ओ देतो. ही हाक राउटर ओलांडून बाहेर जात नाही. म्हणून लांबच्या माणसाला आयपी आणि पोर्ट (त्या पत्त्यावरच्या नेमक्या दाराचा नंबर) दोन्ही हातानेच द्यावे लागतात.

पोर्टचंही ऐकून ठेव. माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीचा सर्व्हर २५५६५ वर ऐकतो, बेडरॉक या दुसऱ्या आवृत्तीचा १९१३२ वर, काउंटर स्ट्राइकचा नेहमीचा २७०१५. पण तू स्वतंत्र सर्व्हर न लावता चालू गेममधूनच ‘ओपन टू लॅन’ दाबलंस तर माइनक्राफ्ट स्वतःच्या मर्जीने वेगळंच पोर्ट उचलतो आणि चॅटमध्ये एका ओळीत सांगतो. ती ओळ वर सरकून जाते आणि मग माणूस २५५६५ वर डोकं आपटत बसतो.

आता बाहेरचा आयपी. गूगलला ‘माझा आयपी काय’ विचारलं की मिळतो. तो मिळवणं सोपंच आहे रे, तो खरोखर तुझाच आहे का, हे बघणं महत्त्वाचं. मी इथे काय केलं ते सांगतो, तूही तेच कर. राउटरच्या पानावर वॅनच्या (बाहेरच्या बाजूच्या) रकान्यातला आयपी बघितला आणि बाहेरून दिसणाऱ्या आयपीशी ताडून पाहिला. राउटर म्हणतो १०० ने सुरू होणारा काहीतरी, बाहेरचं जग म्हणतं भलतंच. याचा अर्थ माझ्या राउटरलासुद्धा खरा आयपी मिळालेला नाही. कंपनीने गावभरच्या गिऱ्हाइकांना मिळून एक आयपी दिलाय आणि त्याच्या मागे सगळ्यांना बसवलंय. याला सीजीनॅट म्हणतात. १००.६४ ते १००.१२७ हा पट्टा २०१२ साली खास याच कामासाठी काढून ठेवला. तो वॅनमध्ये दिसला की समजायचं, पोर्ट फॉरवर्डिंग (बाहेरून आलेलं आतल्या मशीनकडे वळवणं) कितीही केलं तरी पलीकडून कोणी आत येऊ शकत नाही, कारण वरचा दरवाजा कंपनीच्या हातात.

कंपन्यांचाही तसा इलाज नाही. आयपीव्ही४ मध्ये पत्ते जेमतेम ४२९ कोटी, त्यातलेही बरेच राखीव. जागतिक साठ्यातले शेवटचे गठ्ठे फेब्रुवारी २०११ मध्ये वाटून झाले आणि आशियाच्या वाट्याचे त्याच एप्रिलमध्ये आटले. आपल्याकडे घरोघरी फायबर आणि हातोहाती फोर-जी आलं ते त्याच्याही नंतर. उशिरा पंगतीला बसलेल्यांना जिलबी मिळत नाही! मी कस्टमर केअरला फोन लावून स्टॅटिक, म्हणजे कायम आपलाच राहणाऱ्या, आयपीचं विचारलं. पलीकडच्या पोरीने आधी राउटर बंद करून चालू करायला लावला, मग वीस मिनिटं होल्डवरचं संगीत ऐकवलं आणि शेवटी दरमहा वेगळे पैसे पडतील म्हणाली. दोन पोरांच्या माइनक्राफ्टसाठी नको म्हटलं.

तेव्हा सर्व्हर तुझ्याकडेच लागायला हवा. पण जर्मनीत आहेस म्हणून फार हुरळून जाऊ नकोस. तिकडेही केबलवाल्या बऱ्याच कनेक्शनना डीएस-लाइट असतं, म्हणजे खरा पत्ता आयपीव्ही६ (नव्या, लांब पत्त्यांच्या पद्धतीचा) चा आणि आयपीव्ही४ पुन्हा सामाईक. फ्रिट्झबॉक्सच्या पानावर ऑनलाइन-मॉनिटर उघड. तिथे डीएस-लाइट टनेल असं काही लिहिलेलं दिसलं तर तुझी गत माझ्यासारखीच. नसेल लिहिलेलं, तर ‘फ्रायगाबेन’मध्ये (पोर्ट उघडायच्या पानावर) जाऊन २५५६५ टीसीपी तुझ्या लॅपटॉपकडे वळव, विंडोजच्या फायरवॉलला परवानगी दे, आणि मग बाहेरचा आयपी मला पाठव. राउटर रिस्टार्ट झाला की तो बदलू शकतो, म्हणजे दर वेळी नवा पाठवायचा.

खरं सांगू का, मला विचारशील तर या भानगडीत पडूच नकोस. दोघेही टेलस्केल टाकू, लांबची मशीनं एकाच खासगी नेटवर्कात आणणारं सॉफ्टवेअर. तुझ्या लॅपटॉपवर एक, माझ्याकडे एक, आणि तुझं फक्त तेवढं एक मशीन मला शेअर कर, अख्खं घर नको. मग तुझ्या लॅपटॉपला आणखी एक आयपी मिळेल, तो गेममध्ये टाकायचा की झालं. पोर्ट उघडायला नको, सीजीनॅटची आडकाठी नको. दोन्ही टोकं सरळ जुळली तर उत्तम, नाही जुळली तर मधल्या सर्व्हरमार्फत जातं, जरा हळू. गंमत म्हणजे तो आयपीसुद्धा १०० नेच सुरू होतो, त्याच सीजीनॅटच्या पट्ट्यातला! आपण नोकरीला लागल्यावर हमाची वापरायचो त्याचीच ही पुढची पिढी. हमाची आधी ५ ने सुरू होणारे आयपी वाटायचं. तो पट्टा पुढे खऱ्या वापरासाठी युरोपला दिला गेला, तेव्हा २०१२ मध्ये त्यांना २५ वर जावं लागलं.

पोर्ट उघडायचा तुझा हट्टच असेल तर व्हाइटलिस्ट (यादीतल्यांनाच आत सोडायची सोय) चालू केल्याशिवाय सर्व्हर लावू नकोस. सर्व्हरच्या प्रॉपर्टीज फाइलमध्ये ती मुळात बंद असते. २५५६५ उघडं दिसलं की दिवसरात्र पोर्ट चाचपत फिरणारे बॉट येऊन टेकतात. आरुषने त्या उघड्या सर्व्हरवर घर बांधलं आणि रात्रीत कोणी पाडलं, तर रडका चेहरा तुलाच बघायचा आहे. आणि पोराला सांगून ठेव, आपला आयपी कुठल्याही ग्रुपवर टाकायचा नाही. ‘तुझा आयपी मला माहीत आहे, घरी येतो’ असं धमकावणारी टगी पोरं असतात. आयपीवरून त्यांना फार तर कंपनी आणि गाव कळतं, तेही कधी कधी चुकीचं, त्यामुळे घरी कोणी येत नाही. पण त्या आयपीवर कचरा ओतून तासभर लाइन तुंबवता येते, आणि नेमकी तेव्हाच तुझी ऑफिसची मीटिंग असायची.

आता पिंग, म्हणजे निरोप जाऊन उत्तर यायला लागणारा वेळ. इथून तुझ्यापर्यंत सरळ रेषेत साडेसहा हजार किलोमीटर. फायबरमध्ये प्रकाश सेकंदाला दोन लाख किलोमीटर धावतो, म्हणजे जाऊन-येऊन निदान ६५ मिलिसेकंद कुठेच गेले नाहीत. प्रत्यक्षात केबल मुंबईहून समुद्रात उतरते, अरबी समुद्र, तांबडा समुद्र, इजिप्त करत फ्रान्समध्ये मार्सेलला निघते, म्हणून याच्या दुप्पट धर. २०२४ मध्ये तांबड्या समुद्रात केबल तुटल्या तसं पुन्हा झालं, तर त्याहून जास्त. माइनक्राफ्टला हे चालतं. काउंटर स्ट्राइक मात्र तू तुझ्या तिकडच्या पोरांशीच खेळ. मी कोपऱ्यातून डोकं काढेपर्यंत तू मला मारून पुढे गेलेला असशील आणि वर हॉस्टेलसारखा दात काढशील.

आपल्या दोघांसाठी मी एज ऑफ एम्पायर्स सुचवतो. १९९९ चा जुनाच दुसरा भाग, माझ्याकडे सीडी आहे अजून. तो गेम सैनिकांची ने-आण नेटवरून पाठवतच नाही. फक्त हुकूम पाठवतो, आणि दोन्हीकडची कॉम्प्युटरं तीच लढाई आपापली लढतात. म्हणून मोडेमच्या काळातही तो चालायचा, आणि म्हणूनच एकाचं मशीन रडायला लागलं की दोघांचाही गेम रखडतो. (तुझ्या त्या जुन्या सेलेरॉनमुळे आपण किती शिव्या घातल्यात एकमेकांना!) शिवाय त्यात आयपी टाकायचा रकाना आहे. मला हल्ली तो रकाना बघूनच गेम घ्यावासा वाटतो. ३१ मे २०१४ ला गेमस्पाय, म्हणजे खेळाडूंची गाठ घालून देणारी सेवा, बंद पडलं तेव्हा किती चांगल्या गेमांची लॉबी एका दिवसात गेली. ज्यांना थेट आयपी देता येत होता ते कंपनीला न विचारता चालू राहिले.

तेवढं एक आधी बघ. ईरा टॅबवर खेळते, म्हणजे बेडरॉक. आरुषचं लॅपटॉपवरचं जर जावा असेल तर आयपी बरोबर असूनही दोघं एका जगात यायची नाहीत. लॅपटॉपवर त्याला बेडरॉक लावून दे. मग दोघांची मायक्रोसॉफ्टची खाती एकमेकांना फ्रेंड म्हणून जोडली की आयपीचीही गरज नाही, आणि वर लिहिलेला सगळा अभ्यास फक्त आपल्या दोघांपुरता उरेल.

शनिवारी आमच्या संध्याकाळी आठला बसू, सध्या तुमच्याकडे साडेचार वाजलेले असतील. ऑक्टोबरअखेर तुमची घड्याळं मागे गेली की साडेतीन.

काकूंच्या गुडघ्याचं ऑपरेशन ठरलं का? इथे काही धावपळ लागली तर मी आहे, संकोच करू नकोस. वहिनींना नमस्कार, आरुषला पापा.

तुझा,
संज्या

ता. क. सीडी आहे, पण ती घालायला ड्राइव्ह नाही. यूएसबीचा एखादा तुझ्याकडे पडून असेल तर दिवाळीला येताना आण.