गाणं बंद केलंस म्हणालीस म्हणून

प्रिय मनू,

परवा फोनवर तू म्हणालीस, आई गाणं बंद केलंय आता, ड्युटीतून वेळच मिळत नाही, आणि लगेच बाबांच्या शुगरबद्दल विचारायला लागलीस. मला तेव्हा काही सुचलं नाही बोलायला. रात्री नाइटला होते, वॉर्ड शांत होता, तेव्हापासून डोक्यात तेच चाललंय म्हणून लिहायला बसले.

तुला एका बाईंबद्दल सांगायचंय. आपल्यासारखीच सिस्टर होती ती. ब्राझीलमधल्या रिओची, नाव इवोनी लारा, तिकडे सगळे आदराने दोना इवोनी म्हणतात, आपण बाई किंवा ताई म्हणतो तसं. मागे एकदा मोबाइलवर तिचं गाणं आपोआप लागलं, भाषा कळेना पण आवाजाने मी थांबले, आणि नंतर वाचलं की ही बाई पस्तीसेक वर्षं हॉस्पिटलात नोकरी करत होती, मग मी तिच्याबद्दल मिळेल ते सगळं वाचून काढलं.

लहानपणीच आईबाप गेले तिचे. बाप गिटार वाजवायचा, आई गायची, पण दोघांचा सहवास फार लाभलाच नाही. वसतिगृहाच्या शाळेत वाढली, तिथे गाणं शिकवायला लुसीलिया व्हिला-लोबोस होत्या, त्यांचा नवरा म्हणजे ब्राझीलचा सगळ्यात मोठा संगीतकार. म्हणजे शाळेत शास्त्रशुद्ध शिक्षण आणि सुट्टीत मामाच्या घरी सांबा, म्हणजे तिकडचं वस्तीवस्तीतलं नाच-गाणं. मामानेच तिला कावाकिन्यो शिकवलं, चार तारांचं छोटं गिटारसारखं वाद्य असतं ते. तिच्याकडे बाहुली नव्हती, तर भावांनी तिला टिये नावाचा एक पक्षी आणून दिला होता, आणि बारा वर्षांची असताना तिने त्या पक्ष्यावरच पहिलं गाणं केलं. हे वाचलं तेव्हा मला तू आठवलीस, अंगणातल्या मांजरीवर गाणं करून दिवसभर तेच म्हणत फिरायचीस, तुझ्या आजीला सुद्धा पाठ झालं होतं ते.

मग नर्सिंग केलं, पुढे समाजसेविकेचं शिक्षण घेतलं, आणि मनोरुग्णांच्या सरकारी हॉस्पिटलात लागली. तिथे डॉक्टर नीझी दा सिल्वेइरा होत्या. त्या काळात पेशंटला विजेचे झटके द्यायचे, मेंदूचं ऑपरेशन करायचे, आणि या डॉक्टरबाईंनी सरळ नकार दिला, मी हे करणार नाही म्हणाल्या, आणि १९४६ मध्ये पेशंटच्या हातात रंग, ब्रश, माती द्यायला सुरुवात केली. इवोनी त्यांच्या हाताखाली होती आणि तिने पेशंटसाठी वाद्यं आणि गाणं आणलं. वर्षानुवर्षं कुणी भेटायलाच येत नाही अशा पेशंटच्या घरच्यांना शोधायचं कामही तिने केलं. अगं, आपल्याकडे एक बेवारस पेशंट आला तर त्याच्या घरच्यांना गाठायला किती फोन, किती कागद, ते तुला माहितीच आहे, त्यामुळे त्या एका कामाबद्दल सुद्धा माझ्या मनात तिला नमस्कार आहे.

मागच्या महिन्यात माझ्या वॉर्डात एक आजी होत्या, चार दिवस कुणाशी बोलत नव्हत्या, जेवण परत, डोळे भिंतीकडे. सलाईन बदलताना मी सहज गौळण गुणगुणत होते, तर दुसरी ओळ त्यांनी म्हटली. आवाज फाटलेला, पण सूर बरोब्बर. माझा हात बाटलीवरच राहिला. सकाळी त्यांनी अर्धी वाटी पेज घेतली, मी हँडओव्हरमध्ये तेवढंच सांगितलं, गाण्याचं कुठल्या रकान्यात लिहिणार? पण तुला सांगतेय.

तर ही दोना इवोनी दिवसभर हॉस्पिटलात आणि घरी नवरा, दोन मुलं, आणि यातच गाणी करायची. रिओच्या मादुरेरा भागात सेर्रिन्याची टेकडी आहे, गुलामीतून आलेल्या काळ्या लोकांची वस्ती, तिथे इम्पेरियो सेरानो नावाचं सांबा स्कूल १९४७ मध्ये सुरू झालं. स्कूल म्हणजे आपली शाळा नव्हे, सगळी वस्ती मिळून कार्निव्हलची, म्हणजे तिकडच्या वर्षातल्या मोठ्या उत्सवाची, मिरवणूक उभी करते ती मंडळी, आपल्या लालबाग-परळच्या मंडळांसारखी. तिथे गाणी करणाऱ्यांचा वेगळा गट असायचा आणि त्यात फक्त पुरुष. मग तिच्या नात्यातला भाऊ, फुलेइरो, तिची गाणी आपल्या नावावर नेऊन म्हणून दाखवायचा. लोक वाहवा करायचे आणि ही ऐकायची. भावाची चूक नाही म्हणा, त्याने नेलं नसतं तर गाणं घरातच राहिलं असतं. पण मला ते वाचून फार लागलं. आमच्या भजनी मंडळात माझे दोन अभंग दुसऱ्याच्या नावावर वर्षानुवर्षं म्हटले गेले, तुला हे कधी बोलले नाही मी.

शेवटी १९६५ मध्ये, रिओ शहराला चारशे वर्षं झाली त्या कार्निव्हलला, शहराच्या इतिहासातल्या पाच नृत्यसमारंभांवर तिने सिलास दि ओलिवेइरा आणि बाकाल्याऊ यांच्याबरोबर मिरवणुकीचं गाणं केलं आणि ते तिच्या नावानिशी रस्त्यावर गायलं गेलं. रचनाकारांच्या त्या गटात शिरलेली ती पहिली बाई. आणि तरीही नोकरी चालूच होती. वर्षाची रजा ती कार्निव्हलच्या वेळी येईल अशी धरायची म्हणे. हे वाचून मी इतकी हसले, कारण मी सुद्धा अशीच आषाढीची रजा जानेवारीपासून धरून ठेवते.

नोकरी सुटली १९७७ मध्ये, रिटायर झाली. नवरा त्याआधीच गेला होता. आणि १९७८ मध्ये, पन्नाशी उलटून गेल्यावर, तिची पहिली स्वतंत्र रेकॉर्ड आली. त्याच वर्षी तिचा गाण्यातला जोडीदार देल्सिओ कार्वाल्यो याच्याबरोबर केलेलं तिचं ‘सोन्यो मेउ’ मारिया बेतानिया आणि गाल कोस्ता या तिकडच्या नावाजलेल्या गायिकांनी मिळून गायलं आणि देशभर गाजलं. सोन्यो मेउ म्हणजे माझ्या स्वप्ना. त्यात ती स्वप्नाला सांगते की जा आणि लांब राहणाऱ्याला घेऊन ये. तू पुण्याला गेल्यापासून मी ते किती वेळा ऐकलंय ते तुला सांगत नाही. पुढे नव्वदीपर्यंत ती गात होती, स्टेजवर बसायची आणि मधेच उठून छोटी छोटी पावलं टाकत नाचायची. २०१२ ला तिच्याच मंडळींनी तिच्यावर कार्निव्हलची मिरवणूक काढली, २०१८ च्या एप्रिलमध्ये गेली.

मनू, बारावीला तुझी पेटी माळ्यावर मी ठेवली होती. अभ्यास होऊ दे, नोकरी लागू दे, मग बघू असं म्हणाले होते, आणि तू एक शब्द न बोलता ऐकलंस. नोकरी लागून तीन वर्षं झाली आणि ते ‘मग बघू’ मी कधी बोललेच नाही, ती चूक माझी आहे. तुला रेडिओवर गायचं नाही, स्पर्धेला जायचं नाही, मला माहितीये. आठवड्यात एकदा, ऑफच्या दिवशी अर्धा तास, एवढंच म्हणतेय.

काल पेटी खाली काढली. भाता एका बाजूने उंदराने कुरतडलाय आणि काळी चारचा सूर अडकतोय, बाकी ठीक आहे. बाजारपेठेतल्या पेटीवाल्या काकांकडे टाकून आलेय, शुक्रवारी देतो म्हणालेत. या महिन्याची ड्युटी लिस्ट लागली की फोटो पाठव, तुझा ऑफ बघून मी एसटीने घेऊन येते. आणि रूममधल्या मुलीला विचारून ठेव, तिला आवाजाचा त्रास होणार नाही ना.

तुझी,
आई