ज्येष्ठता यादीवरील हरकतींना वेळेत लेखी उत्तर मिळावे

माननीय संपादक महोदय,

स. न. वि. वि.

सेवाविषयक वाद घेऊन कर्मचारी ऊठसूट न्यायालयात जातात, अशी तक्रार अधिकारी वर्गाकडून नेहमी ऐकू येते. खानदेशातील एका स्थानिक स्वराज्य संस्थेत 32 वर्षे लिपिक म्हणून नोकरी करून निवृत्त झाल्यावर माझा अनुभव असा आहे की, यातील पुष्कळसे वाद ज्येष्ठता यादीवरील (पदोन्नतीचा क्रम जिच्यावरून ठरतो त्या यादीवरील) हरकतीला कोणी वेळेत उत्तर न दिल्यामुळेच वाढतात.

1 जानेवारीच्या स्थितीची तात्पुरती ज्येष्ठता यादी काढावी, हरकती मागवून त्या निकाली काढाव्यात, अंतिम यादी प्रसिद्ध करावी आणि मगच पदोन्नती समितीची बैठक घ्यावी, ही रीत आस्थापना शाखेतील प्रत्येकाला ठाऊक असते. आमच्याकडे मात्र तात्पुरती यादी वर्षानुवर्षे तात्पुरतीच राहिली आणि पदोन्नत्या तिच्याच आधारे होत गेल्या. स्वतःच्या विनंतीवरून दुसऱ्या जिल्ह्यातून बदलून आलेल्या एका सहकाऱ्याचे नाव, बदलीच्या अटीप्रमाणे संवर्गात शेवटी यायला हवे असताना, मूळ नेमणुकीच्या तारखेनुसार माझ्या वर लागले. मी हरकत नोंदवली, पोच घेतली, दोन स्मरणपत्रे दिली. उत्तर सहा वर्षांनी आले आणि तोपर्यंत वरिष्ठ सहायकाचे पद भरले गेले होते. यादी त्या सहकाऱ्याने केलेली नव्हती, त्याचा यात काहीच दोष नव्हता. तरीही रोज एका टेबलावर डबा खाणारे आम्ही दोघे चार वर्षे एकमेकांशी बोललो नाही, याची खंत मला पदोन्नती हुकल्यापेक्षा अधिक आहे.

पुढे मानीव दिनांक, म्हणजे पदोन्नती आधीच मिळाली असे धरण्याची तारीख, मिळाला, परंतु मधल्या काळाची थकबाकी ‘काम नाही तर वेतन नाही’ असे सांगून नाकारण्यात आली. जो कर्मचारी काम करायला तयार होता आणि ज्याला त्याचा दोष नसताना प्रशासनानेच पदापासून दूर ठेवले, त्याला हे तत्त्व सरसकट लावता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने जानकीरामन प्रकरणात 1991 मध्येच सांगितले आहे. निवृत्तीच्या वेळी सेवापुस्तकाच्या पडताळणीत वेतननिश्चिती चुकल्याचा शेरा निघाला आणि उपदानातून (ग्रॅच्युइटीतून) वसुली झाली. चूक कार्यालयाची असताना वर्ग तीन व चारच्या, तसेच निवृत्त कर्मचाऱ्यांकडून अशी वसुली करू नये, हा सर्वोच्च न्यायालयाचा रफिक मसीह प्रकरणातील 2014 चा निकाल मी अर्जाला जोडला होता. तरी रक्कम परत मिळण्यास दोन वर्षे गेली.

आता 10, 20 आणि 30 वर्षांच्या सेवेनंतर आश्वासित प्रगती योजनेचा लाभ मिळतो, मग पदोन्नतीची घाई कशाला, असे काही वरिष्ठ म्हणतात. या योजनेने वेतनस्तर वाढतो, पद आणि ज्येष्ठता मिळत नाही.

दाद मागायची तर अंतरही आड येते. जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्याला राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांचे सेवाविषयक वाद ऐकणाऱ्या महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचा मार्ग खुला नाही, त्यामुळे शेवटी उच्च न्यायालयाच्या छत्रपती संभाजीनगर येथील खंडपीठातच जावे लागते. नंदुरबार जिल्ह्यातील धडगाव किंवा अक्कलकुव्याच्या कनिष्ठ सहायकाने एका तारखेसाठी रजा टाकून, धुळे, चाळीसगाव आणि कन्नडचा घाट ओलांडून तेथे पोहोचायचे आणि वकिलाचे शुल्कही त्याच पगारातून द्यायचे, हे त्याला किती काळ झेपेल?

म्हणून जळगाव, धुळे आणि नंदुरबार या तिन्ही जिल्ह्यांतील संस्थाप्रमुखांना माझी विनंती आहे की, येत्या जानेवारीच्या यादीत प्रत्येक नावापुढे नेमणुकीची तारीख, बदली विनंतीची की प्रशासकीय, आणि बिंदुनामावलीतील (आरक्षणानुसार पदांचा क्रम दाखवणाऱ्या नोंदवहीतील) क्रमांक स्पष्ट लिहावा. प्रत्येक हरकतीवर 30 दिवसांत कारणांसह लेखी निर्णय द्यावा आणि तो दिल्याखेरीज पदोन्नती समितीपुढे यादी ठेवू नये.

आपला विश्वासू,
एक निवृत्त कर्मचारी, धुळे